बेलिफाने बजावलेले हुकूम

चार बेलीफ एका बाकावर टेकले की किस्से साचत जातात, कोणी मुद्दाम साठवावे लागत नाहीत. लोक विचारतात, "कोर्टाचा हुकूम मानतो कोण?" अरे, आमच्या गोव्यातल्या पेडण्यात येऊन बघा म्हणावं! हुकूम घेऊन दारात उभे राहणारे आम्ही. आम्हांला विचारा!

एका गृहस्थाला मी स्टे ऑर्डर नेऊन दिली. कंपाउंडची भिंत, आमच्याकडची वणत, बांधायची नाही, एवढंच. पठ्ठ्याने भिंतीबरोबर घराची कौलं परतायचंही थांबवलं! पाऊस थेट चुलीवर. शेवटी बायकोच त्याला घेऊन कोर्टात आली. "साहेबा, हेका सांगा! स्टे वणतीक आसा, म्हज्या चुलीक न्हय!"

जज्जसाहेब हसले. आम्ही मात्र दिवसभर छाती फुगवून फिरलो. एवढं मानणारा माणूस दाखवा कुठे!

हे आमचे साहेब बसने यायचे. बाजाराच्या तोंडावर बस थांबवायची नाही, हा हुकूम त्यांचाच. एकदा हातात फायलींचं ओझं, म्हणून त्यांनी तिथेच घंटी मारली. ड्रायव्हर थांबतोय कसला! पुढच्या नव्या स्टॉपवर नेऊन उतरवलं आणि वर म्हणाला, "साहेबा, हुकूम मोडल्यार मागीर कंटेम्प्ट जाता न्हय?"

साहेब घामाघूम होऊन चालत आले आणि आल्या आल्या त्याचं कौतुक करत बसले.

पण धारगळचा किस्सा सगळ्यांच्या वर. तिथल्या भाटकाराने, म्हणजे जमीनदाराने, बायजाकाकीच्या घराची वाट कुंपण घालून अडवली. काकीची सून दिवस भरत आलेली. वेळ आली तर तिला दवाखान्यात न्यायची कुठून? कोर्टाने वाट मोकळी करायचा हुकूम दिला. तर भाटकार म्हणतो, "आता गोंय राज्य जालें, कोंकणी राजभास जाली. इंग्लिश हुकूम माका कळना!"

साहेबांनी आमच्यातल्या अनंताला पाठवलं. जागेवर जा, त्यांच्या बोलीत मोठ्याने वाचून सांग. आता अनंता म्हणजे आपल्या गावच्या देवळात सगळ्यांच्या वतीने देवाला गाऱ्हाणं घालणारा माणूस. गाऱ्हाण्याच्या प्रत्येक वाक्याला लोक हात जोडून "व्हय म्हाराजा" म्हणतात. कुंपणापाशी गर्दी जमली आणि ह्या बाबाचा तोच सूर लागला! हुकूम संपेपर्यंत वाड्यावरची सगळी वस्ती "व्हय म्हाराजा" करत होती, भाटकारासकट.

तरी कुंपण जिथल्या तिथे! हुकूम मोडला म्हणून भाटकार कोर्टात आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहिला. आता तुरुंगाची पाळी, तर सरळ म्हणाला, "साहेबा, मी थंय नव्हतोच! माका कोणी कायएक सांगूक ना!"

एकट्या अनंताच्या शब्दावर भागेना आणि साक्षीला वाड्यावरचं कोणी येईना. सगळी त्याचीच कुळं. काकीने पदर डोळ्यांना लावला. माझ्या तर तळपायाची आग मस्तकात गेली.

साहेब शांतपणे म्हणाले, "अनंत, तिथे कसं वाचलंस, तसंच वाच."

अनंताने घसा साफ केला. "तर बा म्हाराजा, बायजाकाकीची जी काय वाट अडवलेली आसा, ती आज सांजेच्या आत मोकळी जावंदी रे म्हाराजा!"

आणि पिंजऱ्यातून, दोन्ही हात जोडून, खणखणीत आवाज आला,

"व्हय म्हाराजा!"