जळक्या बुचाचा वास

परवा मेणबत्तीवर बाटलीचं बूच जळलं आणि त्या वासाने जर्मनीतल्या ब्योब्लिंगेनमधला कार्निव्हल आठवला. शेजाऱ्यांच्या तळघरात चौदा मुलं जुन्या गाण्यांच्या छोट्या फिल्म बघत होती. त्यांत सावळी एकच, माझी सहा वर्षांची लेक. पडद्यावर तोंडाला काळं फासलेले गोरे गायक डोळे गरगरा फिरवत काळ्या माणसांची नक्कल करत होते आणि मुलं खिदळत होती. दिवे लागल्यावर शेजारी जळक्या बुचाने मुलांचे चेहरे रंगवू लागले. लेकीने गाल पुढे केला. “तुला कशाला? तू तयारच आहेस!” ते प्रेमाने म्हणाले. तेरा माना तिच्याकडे वळल्या. “नाच ना!” कुणीतरी ओरडलं. “चल, घरी जाऊ,” मी तिचा हात धरला. “नाइन, बाबा,” असं जर्मनमध्ये नाही म्हणत तिने तो सोडवला, डोळे गरगरा फिरवले आणि नाचू लागली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. आता ती मोठी झाली आहे, पण लोक तिच्यासाठी टाळ्या वाजवू लागले की मला अजून धडकी भरते.