बांडगुळाखालची दुपार

त्याला सगळे 'उद्या मिस्त्री' म्हणत. काम नाव ठेवायला जागा नसलेलं, पण कधी देणार असं विचारलं की उत्तर ठरलेलं. दोष लाकडाचा होता. ओलं लाकूड वर्षभर सावलीत वाळल्याशिवाय तो त्याला रंधा लावत नसे. गिऱ्हाइकं कुरकुरत, पण जात कुठे नसत.

घरात तो, बायको आणि ताई. आई गेली तेव्हा ताई बारा वर्षांची होती आणि हा आठ. तिने शाळा सोडली आणि घर अंगावर घेतलं. पुढे तिचं लग्न राहूनच गेलं. भाऊ सुतार झाला तशी ती पॉलिश करायला लागली, आणि तिचा हात असा बसला की खुर्चीवर बोट फिरवलं तर घसरावं.

कारखान्यामागच्या अंगणात एक जुनं झाड होतं. एका साली त्याच्या तिसऱ्या फांदीवर बांडगूळ धरलं. त्यात नवल काही नव्हतं. पण हे बांडगूळ भर सावलीत फिकट हिरवं उजळायचं. आणि त्याच्याखाली रचून ठेवलेल्या ओल्या फळ्या नऊ दिवसांत वाळून खणखणीत झाल्या. मिस्त्रीने एक फळी ठोकून पाहिली, नखाने खरवडून पाहिली, नाकाला लावून पाहिली. वर्षभराचं वाळणं नऊ दिवसांत! त्या फळ्या आत आणता आणता त्याला कडकडून भूक लागली, दिवसभर पोटात काही नसल्यासारखी. जेवून तासही झाला नव्हता. ही गोष्ट त्याच्या लक्षात आली आणि त्याने ती बाजूला सारली.

कामाचा ढीग लागला. ताईने पॉलिशचं सामान झाडाखाली नेलं. सकाळी सहा खुर्च्या घेऊन बसायची आणि जेवणवेळेला सहाही चकचकीत. जाताना मोठा डबा भरून न्यायची, शिवाय पाण्याचा कॅन.

"एवढं एकट्या ताई खातात?" बायकोने एकदा विचारलं. "पाच दिवसांचं अन्न तीन तासांत?"

"कष्टाचं काम आहे. भूक लागते," मिस्त्री म्हणाला, आणि करवत सुरू केली.

अशी पाच वर्षं गेली. ताईच्या चष्म्याचा नंबर दर दोन-तीन महिन्यांनी वाढत होता. दात हलायला लागले. एक नवं गिऱ्हाईक सहज म्हणालं, "आईंना या वयात कशाला कामाला बसवता, मिस्त्री?" तेव्हा मात्र त्याच्या हातातली पटाशी थांबली.

त्या दुपारी तो अंगणात गेला. ताईजवळ पोचेपर्यंत मागे कारखान्यात गडी चालवत असलेल्या करवतीचा आवाज जाड होत होत जमिनीतून घरघर यावी तसा झाला. गल्लीतल्या एका सायकलचं चाक फिरता फिरता जणू थबकलं होतं.

"ताई, तुला कळलंय ना इथे काय होतं ते?"

"पहिल्याच आठवड्यात कळलं," ती ब्रश पुसत म्हणाली. "तुला नव्हतं कळलं?"

त्याने नजर खुर्चीच्या पायाकडे वळवली.

"अरे, मी बारा वर्षांची असल्यापासून धावते आहे. दूध उतू जाईल, तू शाळेतून येशील, बाबा जेवायला येतील. इथे बसलं की ऊन हलत नाही. कुणी हाक मारली तरी ती पोचायला वेळ लागतो. जरा काम करते, जरा आडवी होते. असली दुपार मला कुणी दिली नव्हती."

"आणि वय? ते कुणाचं जातंय?"

"माझंच ना? मग तू कशाला रडतोस?"

दुसऱ्या दिवशी त्याने झाडाला शिडी लावली. हातात करवत, पाठीला पिशवी, पिशवीत दोन दिवस पुरेल एवढं खाणं आणि पाणी. बायको मागच्या दारात बादलीतलं पाणी फेकत होती. तिसऱ्या फांदीशी पोचून त्याने खाली पाहिलं, तर ते पाणी हवेत काचेच्या तावासारखं उभं होतं. बांडगुळाच्या इतक्या जवळ बाहेरचं जग झाडाखालच्यापेक्षाही कितीतरी संथ झालं होतं.

त्याने फांदीवर करवत धरली. दोन बोटं खोल गेली की खाच मागून भरून येई. चिकट हिरवा उजेड पाझरे, आणि साल पुन्हा जुळे. थांबायची सोय नव्हती. तो डुलक्या घेत, दचकून उठत कापत राहिला. खाणं संपलं, मग पाणी. तळहात सोलून निघाले. खाली पाणी आता कुठे जमिनीकडे वाकत होतं. ओरडला असता, तरी बायकोची मान वळायलाच केवढा वेळ लागला असता!

शेवटी फांदी कडाडली. पाणी फरशीवर आपटलं.

"अहो, आत्ता तर चढलात!" बायको म्हणाली आणि तिच्या हातून बादली पडली. समोर चार-पाच दिवसांची दाढी वाढलेला, गालफडं बसलेला नवरा फांदीला मिठी मारून लटकत होता.

ताईने मोडलेल्या फांदीकडे पाहिलं. बांडगूळ खाली पडता पडताच काळं पडून भुगा झालं होतं. ती भांडली नाही. "आता रोज संध्याकाळ होणार," एवढंच म्हणाली आणि आत गेली.

चौथ्या महिन्यात ती गेली. दाखला लिहायला आलेल्या डॉक्टरांनी वय विचारलं.

"त्रेपन्न."

"तुमचं नाही हो. आईंचं."

"बहीण आहे माझी," मिस्त्री म्हणाला. डॉक्टरांनी काहीतरी लिहिलं. त्याने ते वाचलं नाही.

मग त्याने ते झाड मुळापासून तोडलं. शेंड्याकडच्या फांद्या हाती आल्या तेव्हा त्यांना करंगळीएवढे सात कोंब फुटलेले दिसले, फिकट हिरवे. ते त्याने एकेक करून जाळले. पण कोंबांशेजारी बांडगुळाच्याच फळांचे देठही होते. फळं नव्हती. प्रत्येक देठावर चोचीच्या खुणा होत्या.

तेव्हापासून मिस्त्री रस्त्याने खाली बघून चालत नाही. शाळेपुढची झाडं, दवाखान्यामागची झाडं, सगळ्यांच्या फांद्या मान वर करून बघत जातो. लोकांना वाटतं, लाकूड हेरतोय.