दुसरी जांभळी

माझी पदवी सगळ्यात जास्त कुणामुळे मिळाली असेल, तर तिरोडा तालुक्यातल्या एका निवृत्त कोतवालामुळे. आई-वडिलांच्याही आधी मी त्यांचं सांगतो, आणि त्याचं आई-वडिलांना वाईट वाटत नाही.

आमचं गाव जांभळी, तालुका सडक अर्जुनी. दुसरी जांभळी तिरोडा तालुक्यात, बोदलकसाच्या पलीकडे, तलावाच्या काठी. मध्ये नागझिऱ्याचं जंगल. गोंदियात गाव सांगितलं की लोक विचारायचे, "सडकवाली की तलाववाली?" आम्ही "सडकवाली" म्हणायचो आणि विषय संपायचा. या दोन गावांचा एकमेकांशी काही संबंध असेल, असं माझ्या मनातही कधी आलं नाही. घरात एवढंच सांगायचे की जंगल तोडून हे गाव पणजोबांनी बसवलं.

बारावीनंतर कृषी महाविद्यालयात आदिवासींच्या राखीव जागेवर माझा नंबर लागला. प्रवेश टिकवायला जात पडताळणीचं प्रमाणपत्र हवं होतं, आणि त्यासाठी घराण्यातल्या कुणाची तरी जमात लिहिलेली स्वातंत्र्याआधीची नोंद. आजोबा शाळेत गेलेच नव्हते. राहता राहिली कोतवाल पंजी. पूर्वी कोतवाल गावातले जन्म-मृत्यू ज्यात लिहायचा, ते बाड. वडील गोंदियाजवळ कुडव्याला बांधकामावर जायचे; ते काम सोडून माझ्यासोबत तहसीलला यायचे. चौथ्या खेपेला बाबूंनी बाड मिटलं.

"भाई, तुम्हारा गांव उस टाइम था ही नहीं. नोंद कुठून निघणार?"

प्रवेशाची मुदत महिन्याभरावर आली होती. घरी येऊन वडिलांच्या आत्याला, आमच्या घरातल्या सगळ्यात वयस्कर बाईला, मी हे सांगितलं. तिनं दार लोटून घेतलं. मग म्हणाली, "तलावाकडं जाऊन इचार. पन माहं नाव नोको सांगू."

दुसऱ्या दिवशी आम्ही बापलेक बाइकवर निघालो. तिथं सगळ्यांनी निवृत्त कोतवालांचं घर दाखवलं. ऐंशीच्या घरातले असावेत. ओसरीत सुपात लाखोरीची डाळ निवडत बसले होते.

"कोनतं गाव?"

"जांभळी," वडील म्हणाले.

"जांभळी तं हेच होय."

"सडकेकडची."

त्यांनी सूप खाली ठेवलं. "आले का? लय लौकर आले बापा! कोनाचे तुमी?"

वडिलांनी आपल्या आजोबांचं नाव सांगितलं.

"म्हंजे म्हातारीले ठेवून गेले, त्यायचे."

"कोनती म्हातारी?" वडिलांनी विचारलं. त्यांना खरंच माहीत नव्हतं.

मग कोतवालांनी सांगितलं. गावात पटकीची साथ आली होती. रोज कुणीतरी जायचं. एका सकाळी सात घरं लेकरं घेऊन जंगलातून दक्षिणेकडे निघाली. पणजोबांच्या आईला चालवत नव्हतं. तिच्या उशाशी पाण्याचं मडकं ठेवून, "न्यायले येतो" असं सांगून पणजोबा गेले. पटकी तिला झालीच नाही. पुढं दोन वर्षं ती जगली. कोतवालांची आई तिला रोज पेज नेऊन द्यायची.

"मंग परत काऊन नाई आले ते?" मी विचारलं.

"कोन्या तोंडानं येतीन? गावाचं नाव तेवढं नेलं, तिकडं जाऊन तेच ठेवलं." मग ते म्हणाले, "त्यायले मी नावं ठेवत नाई. लेकरं होती त्यायच्यापाशी. तुहा बाप मंग कुठून राहिला असता?"

मी कागदाचं सांगितलं, तसे कोतवाल उठून सदरा घालायला लागले. "तवा माहा बाप कोतवाल, तिची मौत त्यानंच लिवली हाय. चला."

तिरोड्याच्या अभिलेख कक्षात त्यांनी साल सांगितलं आणि बाबूंच्या शेजारी उभं राहून पानं उलटवून घेतली. आजोबांच्या जन्माचं पान वाळवीनं खाल्लं होतं. म्हातारीच्या मृत्यूचं पान शाबूत होतं. तिचं नाव, जमातीच्या जागी 'कौम गोंड', आणि मुलाचं नाव म्हणून आमच्या पणजोबांचं नाव. वडिलांनी ती ओळ दोनदा वाचली आणि बाहेर जाऊन बाइकपाशी उभे राहिले.

दोन्ही गावं कशी वेगळी झाली, याचं शपथपत्रही कोतवालांनी करून दिलं. मुदतीच्या चार दिवस आधी प्रमाणपत्र आलं. शेवटच्या वर्षाचा निकाल लागला, त्या संध्याकाळी मी त्यांना हे पत्र लिहिलं:

कोतवालबाबा,

मी पास झालो. घराण्यातला पहिला पदवीधर. फोनवर सांगता आलं असतं, पण पुढचं मला फोनवर बोलता येत नाही.

जिला आमच्या माणसांनी मागं ठेवलं, तिच्याच नावावर मी शिकलो. चार वर्षं हे मनातून गेलं नाही. वडील त्यावर काही बोलत नाहीत. पण परवा त्यांनी त्यांच्या आत्याला समोर बसवून विचारलं. तिला सगळं आठवतं. ती तेव्हा बापाच्या खांद्यावर होती आणि आजीला हाका मारत होती.

म्हातारीला जिथं पुरलं, ती जागा तुम्ही आम्हाला दाखवाल का? घराण्यात मेलेल्या माणसासाठी जे करतात, ते तिचं करायचं राहिलं आहे. आत्या यायला तयार आहे, फक्त भिते. "तलाववाले काई बोलतीन," म्हणते. मी तिला सांगितलं, बोलू दे, आपण ऐकून घेऊ.

तुमच्या गावाला विचारा आणि दिवस कळवा. आम्ही सगळे येऊ.