सिंधूच्या दोरीवरचे चिमटे

सिंधू गेल्याचं मला यमुनेकडून कळलं. मला! शाळेपासूनची मैत्रीण मी, आणि निरोप आधी गेला इतवारीच्या बाजारात धान्य निवडणाऱ्या यमुनेकडे… रडू येण्याआधी मला तेच खुपलं. लपवून काय करू?

सिंधू माहितीपटांचं संकलन करायची. म्हणजे दुसऱ्यांनी काढून आणलेली फिल्म कापायची, जोडायची आणि त्यातून माणसं उभी करायची. मुंबईत शिकून परत आली अन् लकडगंजात वडिलांच्या आरामशीनच्या वरच्या खोलीत यंत्र मांडून बसली. खालून लाकडाचा भुसा उडायचा, म्हणून खिडकीला ओली चादर. फिल्मचे तुकडे कपड्यांच्या चिमट्यांनी दोरीला टांगलेले. विड्या वळणाऱ्या, हातगाड्या ओढणारे, कोणाकोणाची तोंडं त्या दोरीवर लोंबत असायची. मी डबा घेऊन जावं, तर ही त्यांच्यातच बुडालेली. "जेव वं," म्हटलं की म्हणायची, "थांब, ही बाई बोलून राहिली."

मग धान्य निवडणाऱ्या बायांवरच माहितीपट निघाला, संकलन सिंधूचं. त्यांना राजी मी केलं. धुळीनं त्यांना कसा खोकला लागतो, ते कॅमेऱ्यापुढे भरभरून मीच सांगितलं. पहिल्या खेळाला नवी साडी नेसून अख्खी गल्ली घेऊन गेले. पडद्यावर यमुना सूप पाखडते, खोकते, थांबते… बराच वेळ नुसती थांबते. मी कुठेच नाही! शेजारीण म्हणाली, "काहून वं, तू पानी प्याले गेलती का तवा?"

दुसऱ्या दिवशी तावातावानं सिंधूकडे गेले. ती हसली. "तू बोलली का लोकं तुलेच पाहतेत. यमुना थांबली, तं तिचा खोकला ऐकू येते. बोलनं कापलं तं चालते वं, थांबनं नाही कापता येत."

मी कितीतरी दिवस तिच्याशी अबोला धरला. तिला त्याचंही फारसं काही वाटलं नसावं. त्या माहितीपटापासून यमुना होतीच जवळ बसायला.

ती गेल्यावर खोली आवरताना तिच्या भावानं ते चिमटे मला दिले. सगळे. यमुनेला नाही, मला! आता माझ्या गच्चीवर त्यांनी धुणं टांगते. परवा यमुना आली होती. बोलता बोलता तिनं दोरीवरचा एक चिमटा काढला, मुठीत धरला, आणि हळूच कनवटीला खोचला.

मी पाहिलं. 'माझा आहे तो,' अगदी जिभेवर आलं होतं… पण थांबले.

सिंधूनं तेवढंच ठेवलं असतं.