तीस सप्टेंबरचं छत

अंबाजोगाईच्या तमाम नागरिकांना अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, वर्षात तीनशे पासष्ट दिवस असतात आणि त्यातला एकही भरवशाचा नाही. हे माझं मत नव्हे. माझ्या फोटो स्टुडिओसमोर घड्याळं दुरुस्त करत बसणाऱ्या चाचांचं हे आयुष्यभराचं संशोधन आहे. तारखांना एवढा भिणारा माणूस साऱ्या बीड जिल्ह्यात दुसरा निघाला, तर माझा कॅमेरा त्याला फुकट.

चाचांच्या दुकानाबाहेर एक काळा फळा टांगलेला असतो. शाळेत दिनविशेष लिहितात तसे तेही रोज सकाळी लिहितात. फरक एवढाच, की शाळेच्या फळ्यावर जयंत्या आणि शोध असतात, चाचांच्या फळ्यावर नुसती संकटं. तारखेला एकच संकट सापडलं तर पांढरा खडू. त्याच तारखेला दुसरं सापडलं, की लाल. सव्वीस डिसेंबर लाल, कारण त्या दिवशी इराणात जमीन हलली आणि बरोबर पुढच्या वर्षी त्याच तारखेला त्सुनामी आली. एकोणीस सप्टेंबर तर लालभडक. त्या एका तारखेला मेक्सिकोत तीन वेगवेगळ्या वर्षी भूकंप झाले. “तीनदा, फोटोवाले!” चाचा डोळ्याचं भिंग काढून कुजबुजतात. “तारखेला घर ठाऊक हाय त्यांचं.” सव्वीस जानेवारीला सगळं गाव झेंडावंदन करून जिलेबी घरी नेतं. चाचांना भूज आठवतं, म्हणून ते जिलेबी मैदानातच उभ्यानं संपवतात, छताखाली नेत नाहीत. मी खूप हसायचो. मग एका सव्वीस जानेवारीला लक्षात आलं, की मीही त्यांच्या शेजारी मैदानातच जिलेबी खातोय आणि मधूनमधून शाळेच्या भिंतीकडे बघतोय.

लेकीच्या लग्नाच्या वेळी तर त्यांनी कहर केला. मुलाकडचे घाटनांदूरचे. ते तारखा सुचवायचे, चाचा आपली संकटांची वही उघडायचे आणि मान हलवायचे. कुठं पूर, कुठं आग, कुठं बोट बुडालेली. शेवटी व्याही कातावले, “भाईजान, पोरगी द्यायची हाय का न्हाई, तेवढं सांगा! कावून आमाला साऱ्या दुनियेचं रडगाणं ऐकवताव?”

पण चाचांच्या वहीतलं सगळ्यात काळं पान तीस सप्टेंबरचं. किल्लारीच्या भूकंपाचं. त्या पहाटे इथंही भांडी मांडणीवरून खाली आली होती. सगळी गल्ली बाहेर धावली, त्यात चाचाही होते. त्यांनी छातीशी काहीतरी घट्ट धरलं होतं. कुणीतरी विचारलं, “पोरगी कुठाय?” चाचांनी खाली बघितलं. हातात गिऱ्हाइकाचं गजराचं घड्याळ होतं. तीन महिन्यांची लेक आत झोळीत राहिली होती. तिला बाहेर आणलं ते चाचींनी. घराला तडाही गेला नाही, लेकीची झोपही मोडली नाही. पण चाचींनी एवढ्या वर्षांत तो हिशेब काही मिटवला नाही. “घड्याळ वाचवलं ह्यांनी, लेक इसरले,” हे वाक्य पाहुण्यांना चहाबरोबर मिळतं. चाचा हसतात. मात्र दर तीस सप्टेंबरला घरातली सगळी माणसं बाजेसकट अंगणात असतात, आणि चाचा दिवसभर छताखाली पाऊल टाकत नाहीत.

आणि गेल्या वर्षी, लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी दिवस गेलेल्या त्या लेकीला, डॉक्टरांनी सांगितलेल्या दिवसाच्या आठवडाभर आधीच कळा सुरू झाल्या. तारीख मी सांगायला नकोच.

चाचींचा निरोप आला म्हणून दुपारी दवाखान्यात गेलो, तर चाचा आवारातल्या लिंबाखाली, इमारतीपासून बरोब्बर वीस पावलांवर दगडावर बसलेले.

“चाचा, वर चला. लेक तुमाला विचारतीय.”

“आज न्हाई. आज तीस हाय.”

“अवो, तिला लई तरास होतोय.”

“मी वर गेलो अन् हाललं तर? मी पुन्हा पळालो तर?”

तेव्हा मला पहिल्यांदा कळलं, की हा माणूस जमिनीला भीत नव्हता.

वरच्या खिडकीतून चाचींनी डोकं काढलं. “अवो, घड्याळ तरी आणलंय का वाचवायला?”

चाचा उठले. एका हातानं भिंत, एका हातानं माझं मनगट धरून पायरी पायरी चढले. माझ्या मनगटावर त्यांची बोटं संध्याकाळपर्यंत होती. वर पोचलो, बाळंतपणाच्या खोलीपासून दहा पावलांवर उभे राहिलो, आणि वीज गेली. मग पायाखालची फरशी थरथरली. खिडक्यांच्या काचा खडखडल्या. स्टुलावरचा स्टीलचा पेला सरकत सरकत कडेला आला आणि खाली पडला.

खोटं कशाला बोलू? मी जिन्याच्या चौथ्या पायरीवर होतो. तिथं आठवलं, की आपल्याबरोबर कुणीतरी होतं. वळून बघितलं. चाचा पळाले होते, पण उलट्या दिशेनं. खोलीच्या दारात, चौकटीखाली, डोळे गच्च मिटून चवड्यांवर उभे, दोन्ही हात वर. उंची पाच फुटांची, हात चौकटीला चार बोटं कमीच पडत होते. सगळं अंग कापत होतं, पण हात खाली येत नव्हते. तेवढ्यात आतून एक बारीक, रागीट रडू ऐकू आलं.

नर्सबाई दुपट्यातलं गाठोडं घेऊन दाराशी आल्या. “अहो चाचा, जनरेटर हाय तो खालचा! सरका बाजूला.”

चाचांनी डोळे उघडले नाहीत. ओरडले, “लेकीला अन् लेकराला घेऊन तुमी निघा! छत मी धरलंय!”