गाळलेली माफी

माझ्या सासूबाईंनी शंभराच्या वर प्रेमकथा लिहिल्या आहेत, सगळ्या तमिळमध्ये. वर्षाला तीन-चार. मांबलम स्टेशनबाहेरच्या पेपरवाल्याकडे त्या दोरीला टांगलेल्या असतात, आणि दुपारच्या गाडीने जाणाऱ्या बायका त्या विकत घेतात. त्या गोष्टींत प्रेम पुष्कळ असतं, पण थोरांचा आशीर्वाद मिळाल्याशिवाय नायक नायिकेचा हातसुद्धा धरत नाही.

आणि मी त्यांच्या मुलाशी त्यांना न विचारता, नोंदणी कचेरीत लग्न केलं.

मी नाशिकची. ओरगडमच्या मोटारीच्या कारखान्यात नोकरीला आले, तिथे तो भेटला. त्याच्या घरचे मूळचे तंजावरचे मराठी. घरात मराठीच बोलतात, पण जुन्या वळणाची, तमिळ हेलाची. पहिल्यांदा भेटायला गेले तेव्हा वाटलं, भाषा एक आहे म्हणजे निम्मं काम झालं. पण अम्मांनी, म्हणजे सासूबाईंनी, कॉफी दिली आणि तासभर फक्त मुलाशी तमिळमध्ये बोलल्या.

सासरे गेल्यावर आम्ही वेस्ट मांबलमच्या फ्लॅटमध्ये त्यांच्याजवळ राहायला आलो. भांडण असं कधी झालं नाही. त्या माझ्याशी कामापुरतं बोलायच्या, एवढंच.

दोन वर्षांपूर्वी त्या न्हाणीघरात पडल्या. उजवं मनगट मोडलं. मोतीबिंदूमुळे लॅपटॉपच्या पडद्यावरची अक्षरंही दिसत नव्हती. कादंबरी अर्धी झालेली, प्रकाशकाचे रोज फोन. नवऱ्याची दुसरी पाळी होती आणि शनिवार-रविवारीही त्याला बोलावत होते. मला तमिळ बोलता येत होतं, वाचता अडखळत यायचं. पण लॅपटॉपवर इंग्रजी अक्षरांत टाईप केलं की ते तमिळ लिपीत उमटतं. म्हणून शनिवारी, माझ्या सुट्टीच्या दिवशी, त्या सांगणार आणि मी टाईप करणार, असं ठरलं.

पहिला शनिवार सुरळीत गेला. दुसऱ्या शनिवारी गोष्टीत एक थोरली सून आली. दूर उत्तरेकडून आलेली, मोठ्यानं हसणारी, देवापुढेही मनगटावरचं घड्याळ न काढणारी. माझी बोटं थांबली. माझ्या मनगटावर घड्याळ होतं.

"का थांबलीस गे?" अम्मांनी विचारलं.

"ही कोण?"

"थोरली सून. लिही."

पुढे दर आठवड्याला त्या सुनेचं एकेक निघत गेलं. तिला दारात कोलमची रांगोळी काढता येत नाही. ती सासूच्या आधी जेवते. तिनं मुलगा घरातून फितवून नेला. अम्मा खिडकीकडे तोंड करून सांगायच्या, शांत आवाजात, आणि मी माझ्याबद्दलचं ते सगळं अक्षर न् अक्षर टाईप करायचे. नवऱ्याला सांगितलं तर म्हणाला, "गोष्ट आहे ती. मनाला लावून घेऊ नकोस."

शेवटच्या प्रकरणात ती सून सासूच्या पायावर पडते. 'मी तुमचा मुलगा चोरला, मला क्षमा करा,' म्हणते. सासू तिला उठवते. संपलं.

ते मी टाईप केलं नाही. त्या जागी माझ्या तोडक्या तमिळमध्ये दोन ओळी घातल्या: सून येऊन सासूशेजारी बसली. दोघी काही बोलल्या नाहीत.

"वाचून दाखव," अम्मा म्हणाल्या.

त्यांनी सांगितलं होतं ते सगळं मला पाठ झालं होतं. पडद्याकडे बघत मी तेच म्हणून दाखवलं, पायावर पडण्यासकट. त्यांनी मान हलवली. मी फाईल पाठवून दिली.

पुस्तक छापून यायला तीन आठवडे लागले. त्या दिवसांत फोन वाजला की मीच आधी धावत जाऊन उचलायचे. प्रती आल्या, अम्मांनी हात फिरवून कपाटात ठेवल्या. मग एका रविवारी मदुराईच्या एका निवृत्त शिक्षिकेचा फोन आला. प्रत्येक पुस्तक वाचून ही बाई न चुकता फोन करायची. प्लास्टर निघालं तरी अम्मांचा हात वळत नव्हता, म्हणून फोन स्पीकरवर होता. मी स्वयंपाकघरात घेवडा निवडत होते.

"अम्मा, या वेळी शेवट असा कसा? सून एक शब्दही बोलत नाही!"

अम्मा म्हणाल्या, "हो. या वेळी तसंच लिहिलं."

फोन ठेवून त्यांनी मला हाक मारली. पुस्तक समोर सारलं.

"शेवटचं पान वाच. छापलंय ते."

मी अडखळत वाचलं.

"हे माझं नाही."

"नाही."

"चाळीस वर्षांत माझं एक अक्षरही कोणी बदललं नाही. तू बदललंस, माझ्या नावाखाली. आणि मला आंधळी समजून खोटं वाचलंस."

"खोटं वाचलं ते चुकलं, अम्मा. त्याची माफी मागते. पण लग्नाची मागणार नाही."

"लग्नाचं कोणी विचारलं?"

"तुम्हीच. सहा आठवडे दर शनिवारी विचारत होतात."

खालून गाडी गेली, खिडकीची तावदानं थरथरली. "जा, घेवडा राहिलाय," त्या म्हणाल्या.

चार दिवस घरात भांड्यांचेच आवाज होते. प्रकाशकानं एका मुलीला लिहून घ्यायला पाठवलं, ती दोनदा येऊन गेली. शनिवारी अम्मांनी स्वतःच लॅपटॉप माझ्यापुढे ठेवला. "ती पोरगी सगळ्याला हो म्हणते," म्हणाल्या. "बैस. ओळ झाली की मोठ्यानं वाचायची."

त्या कादंबरीत सून नव्हती. पुढच्याही कादंबरीत नव्हती.

आता त्यांच्या डोळ्यांची ऑपरेशनं झाली आहेत. मनगट मात्र आखडलं ते आखडलंच, म्हणून टाईप अजून मीच करते. पान संपलं की त्या अक्षरं मोठी करायला लावतात आणि सगळं स्वतः वाचतात. गेल्या महिन्यात एका ओळीवर बोट ठेवून म्हणाल्या, "हे तुझं दिसतं."

"नाही अम्मा, तुमचंच आहे. मघाशी तुम्हीच सांगितलंत."

त्यांनी ती ओळ पुन्हा वाचली. माझ्याकडे पाहिलं, पुन्हा पडद्याकडे.

"असेल," म्हणाल्या. "राहू दे."