रबराची माती

मैदानावर पोचलं की काकू आधी खाली वाकायच्या. कठड्यातून हात घालून जमिनीला बोटं टेकवायच्या आणि ती कपाळाला लावायच्या. गंमत अशी, की तिथे माती नव्हतीच. ओंकारच्या कॉलेजच्या मैदानावर प्लास्टिकचं हिरवं गवत होतं आणि त्यात काळ्या रबराचे बारीक दाणे पसरलेले होते. त्यातले दोन-चार काकूंच्या कुंकवाशेजारी चिकटायचे आणि सामना संपेपर्यंत तिथेच बसायचे. मी सांगायला गेलो की म्हणायच्या, “असू दे रे. मैदानाची माती आहे ती.”

ओंकार हा त्यांचा मुलगा. कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघात खेळायचा. आम्ही तोक्योतल्या निशी-कसाईत एकाच इमारतीत राहायचो. काका पुण्याच्या कंपनीकडून आलेले, आणि मी वरच्या मजल्यावरच्या एका खोलीत पीएच.डी. करणारा. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला पहिला मीच. प्रयोग फसला की घरी फोन करून काय सांगणार? काकूंना मात्र जिन्यात भेटलं तरी कळायचं. घरी जेवायला बसवून पानात भाकरी टाकत विचारायच्या, “काय डॉक्टर, दम आहे ना अजून? मग उद्या परत जा.”

हा ‘दम’ कबड्डीतला. लग्नाआधी काकू सातारा जिल्ह्यात चढाई करायच्या. जपानातल्या मोठ्या भूकंपानंतर काकांच्या कंपनीने सगळ्यांच्या कुटुंबांना भारतात पाठवलं, तेव्हा तोक्योला पहिल्यांदा परतल्या त्या याच. ओंकारला नुकताच कॉलेजात प्रवेश मिळाला होता. “घर हललं म्हणून पोराने डाव सोडायचा का?” एवढंच त्या म्हणाल्या.

मी सांगतोय तो ओंकारचा चौथा, म्हणजे शेवटचा मोसम. काकू आणि मी सामन्यांना जायला लागलो ते याच वर्षी. संघ वरच्या गटात होता, पण तळाला. शेवटच्या जागेवर राहिलेल्या संघाला खालच्या गटातल्या विजेत्याशी सामना खेळावा लागे. तो हरला की खाली घसरण. आपण हरायचं आणि धाकट्यांनी खालच्या गटात खेळायचं, या विचाराने ओंकारचं जेवण सुटलं होतं.

खेळ मलाही कळत नव्हता. काकूंनी तो पहिल्याच दिवशी मला समजावला. “चार चढायांत दहा यार्ड पुढे सरकायचं. नाही सरकलं, की चेंडू त्यांचा. आपला ओंकार पुढच्या फळीत, रेटायला. सोपं आहे!”

चुकलं ते पुढेच. कबड्डीत आपला गडी चढाईला गेला की आपण ओरडतो. या खेळात उलट आहे. आपल्याकडे चेंडू असताना प्रेक्षक गप्प बसतात, कारण खेळाडूंना इशारा ऐकू यावा लागतो. एका सामन्यात अख्खं मैदान चिडीचूप, सगळे वाकून तयार, आणि काकू उभ्या राहून गरजल्या, “रेट, ओंकार, रेट!”

आईचा आवाज! ओंकार इशाऱ्याआधीच उसळला. पंचाने पिवळा रुमाल मैदानात फेकला.

“बघ बघ, रुमाल उधळला आपल्यासाठी!” काकू टाळ्या वाजवत म्हणाल्या.

ती शिक्षा होती. संघ पाच यार्ड मागे गेला आणि थोडक्यात हरला. घरी ओंकार बूटसुद्धा न काढता दारातच म्हणाला, “आई, हाझुकाशिई. लाज वाटते मला. तू येऊ नकोस.”

काकू गेल्या नाहीत. पुढच्या सामन्यांना मी एकटाच जायचो आणि परतल्यावर त्यांना सगळं सांगायचो. पोळ्या लाटत त्या ऐकायच्या. एकदाच म्हणाल्या, “सासूबाईपण हेच म्हणायच्या, आवाज कमी कर म्हणून.” आणि पोळी उलटली.

व्हायचं तेच झालं, संघ शेवटच्या जागेवर राहिला. त्यात काकांची इथल्या नेमणुकीची मुदत संपली. घरी खोकी भरायला लागली. घसरण टाळायच्या सामन्याच्या आदल्या दिवशी ओंकार माझ्या दाराशी उभा.

“दादा, उद्या आईला घेऊन या.”

“तूच सांग की.”

“मी सांगितलं तर रडेल. समोरच्यांकडे चेंडू असेल तेव्हा त्यांना इशारा ऐकू येऊ नये असा आवाज हवाय आम्हाला. आमच्याकडे कुणाचाच आईएवढा नाही.”

काय सामना झाला तो! डिसेंबरचा बोचरा वारा होता. आमच्याकडे चेंडू आला की काकू ओढणीचा बोळा तोंडात कोंबून बसायच्या. डोळे तेवढे ओरडायचे. शेवटी आम्ही चार गुणांनी पुढे होतो आणि समोरचे आमच्या रेषेपाशी येऊन ठेपले होते. त्यांचा शेवटचा प्रयत्न. ही रेषा ओलांडली की ओंकारचा संघ खाली.

काकूंनी बोळा काढला, छाती भरून श्वास घेतला आणि सुरू केलं, “कबड्डी कबड्डी कबड्डी कबड्डी...”

पुढच्या बाकावरचे जपानी आजोबा आधी दचकले, मग तेही लागले. मग बँडवाली मुलं, मग सगळा कठडा! एका दमात अख्खं मैदान घुमायला लागलं. समोरच्या फळीतला एक धिप्पाड गडी इशाऱ्याआधीच उसळला, आणि पिवळा रुमाल पडला.

“आता कुणासाठी उधळला, डॉक्टर?” श्वास न सोडता विचारावं, तसं त्यांनी विचारलं.

ते पाच यार्ड मागे गेले. मग त्यांनी फेकलेला चेंडू आमच्या एका पोराच्या बोटांना लागून खाली पडला, आणि मी, तोक्योत कधी मोठ्याने न बोललेला माणूस, बाकावर चढून नाचलो.

सामना संपल्यावर संघ रांगेत उभा राहून प्रेक्षकांपुढे वाकतो, अशी इथली रीत. सगळे वाकले, सरळ झाले. ओंकार पुन्हा वाकला. त्याने गवताला बोटं टेकवली आणि सगळ्यांदेखत ती कपाळाला लावली. काकूंनी ओढणीचा बोळा परत तोंडात घातला.

वसंतात काका-काकू पुण्याला गेले. ओंकार नोकरीला ओसाकाला.

पुढच्या मोसमात पहिल्या सामन्याला मी एकटा गेलो. सामना वरच्या गटातलाच. पोरं रांगेने आली, मैदानाला वाकून नमस्कार केला, आणि मग एकामागून एक सगळ्यांनी खाली बोटं टेकवून कपाळाला लावली. कठड्याजवळच्या एकाला मी विचारलं, हे काय?

“सेनपाईंनी, म्हणजे आमच्या सीनियरनी शिकवलं.”

“कशासाठी?”

त्याने जरा विचार केला. “ते ठाऊक नाही. पण हे केल्याशिवाय आत जायचं नसतं.”

त्याच्या कपाळावर काळे दाणे चिकटले होते. तो पळत गेल्यावर मीही कठड्यातून हात आत घातला.